स्लोव्हाक कापा

१९९३ साल उजाडलं आणि चेकोस्लोव्हाकियाचे दोन देश झाले. तिकडे सगळं गुण्यागोविंदानं पार पडलं. महाभारत घडलं ते इकडे, अमेरिकेत आयोवातल्या एका चेक मंडळात.

नागपूरचा प्रितम तिथे फिल्ममेकिंग शिकत होता. मंडळींनी हौसेनं टिपलेल्या जुन्या रिळांतून त्यानं 'आम्ही चेक' हा माहितीपट जुळवत आणला होता. मंडळाची लेखी परवानगी मिळाली की डिग्री हातात. तेवढ्यात अध्यक्ष ओटाकर आले. प्रितम त्यांना काका म्हणायचा आणि तेही ओ द्यायचे.

"स्लोव्हाक आता परके," त्यांनी फर्मावलं. "कापून टाक त्यांना."

मग रोज दुपारी सभा. प्रितम पडद्यावर चित्र थांबवायचा, मंडळी चेहरे ओळखायची, हात वर करून ठराव पास करायची. मग प्रितमची कात्री चालायची. सहलीतले सात जण गेले. गायक गेला. अकॉर्डियनवाला तेवढा वाचला, कारण अकॉर्डियन प्रागहून आणलेलं होतं.

इतिहासाच्या पुस्तकात आपल्या समाजाची माणसं का नाहीत, असं प्रितमनं लहानपणी बाबांना विचारलं होतं. "कुणीतरी वगळली," बाबा म्हणाले होते. आता तो कुणीतरी आपणच आहोत, याची त्याला भयंकर लाज वाटत होती. पण डिग्रीपायी तो मूग गिळून बसला होता.

चौथ्या दिवशी १९५६चं लग्न आलं. नवरदेव ओटाकर, नवरी ल्युडमिला. सगळी सभा एकदम छताकडे बघायला लागली. शेवटी पहिल्या रांगेतून ल्युडमिलाबाईंनीच हात वर केला.

"माझा जन्म स्लोव्हाकियातल्या कोशित्सेचा. नियम म्हणजे नियम."

प्रितमनं कात्री खाली ठेवली. "काका, काकूंना मी कापणार नाही. डिग्री खड्ड्यात गेली."

ओटाकरनी पडद्यावरच्या नवरीकडे बघितलं. मग त्यांचाही हात वर गेला. "मलाही काप. हिच्याशिवाय मी बोहल्यावर एकटा काय करू?"

झालं! कुणाची आई स्लोव्हाक निघाली, कुणाची सासू. हातामागून हात वर होत गेले. शेवटी अकॉर्डियनवालाही उठला, "मी वाजवू कुणासाठी?" ठरावांप्रमाणे माहितीपटात आता एक बाग आणि दोन रिकामी बाकं उरली.

"अरे, मग यात आपण कुठे आहोत?" ओटाकर किंचाळले.

प्रितमनं कापलेल्या तुकड्यांचं खोकं त्यांच्यापुढे सरकवलं.

"इथे, काका."

ओटाकरनी परवानगीचा कागद बाजूला सारला, खोक्याच्या झाकणावरच सही ठोकली आणि ते रडत ओरडले, "जोड हे सगळं!"