पाण्यानं धरलेला सूर

“पोट दाबून बसू नकोस. श्वासाला खालून वाट दे.”

बाबांचा हा आवाज लहानपणभर माझ्या पाठीशी बसलेला. ते गाणं शिकवायचे. घरात सूर दुधासारखा उतू जायचा, मीच तेवढी कोरडी. शाळा संपता संपता मी गाणं सोडलं, यंत्रं धरली. बाबा एक अक्षर बोलले नाहीत. ते न बोललेलं मी आजवर वागवत आले.

फिरून फिरून आले मात्र गाण्याच्याच दारात. प्राचीन जगातल्या पाण्याच्या बाजावर, म्हणजे जल-ऑर्गनवर, माझा अभ्यास. टाकीत पालथी घातलेली तांब्याची घंटा; भात्यानं तिच्यात वारा भरायचा, पाणी त्या वाऱ्याला दाबून धरतं आणि नळ्यांतून न डगमगता सूर निघतो. निघायला हवा. जुन्या वर्णनावरून मी तो बाजा उभा केला होता, उद्या प्रबंधाचे परीक्षक येणार होते, आणि सूर भात्याच्या प्रत्येक झोक्याला डगमगत होता. असाच राहिला तर इतक्या वर्षांचं लिहिणं पाण्यात.

त्याच सकाळी बाबा माझ्या कार्यशाळेत आले, बोलावलं नसताना. स्टुलावर बसले, ऐकलं.

“बकरीला थंडी वाजतेय,” म्हणाले.

भाता मारणारा माझा नवरा हसला. मी नाही हसले. पुन्हा पट्टी दाबली. बाबा जुन्या सवयीनं पुटपुटले, “पोट दाबून बसलंय.”

मी वाकून पाहिलं. घंटा तळाशी चपखल टेकलेली. काठाखालून पाण्याला ये-जा करायला फटच नाही. वर्णनात तीन बोटं उंचीचे ठोकळे आहेत. ते मी टाकीखाली लावले होते, टाकी हलू नये म्हणून. शहाणी मी.

पाणी उपसलं, ठोकळे घंटेखाली सरकवले, पुन्हा पाणी भरलं. पट्टी दाबली. नवऱ्यानं मध्येच भाता सोडून घाम पुसला, तरी सूर तसाच, तळ्यावर चांदणं निजावं तसा. मी पट्टी दाबूनच धरली.

सूर विरेपर्यंत बाबांचे डोळे मिटलेले. मग त्यांनी चष्मा काढून उगाच पुसला.

“तू गाणं सोडलंस ना, तेव्हा मला हायसं वाटलं होतं. गळा नव्हता गं तुला, पोरी. कान होता. पण मी बाप, सांगू कसं?”