मांडावरचा शब्द

गणपतीने उपरण्याने बाकडे झटकले आणि तो ऐसपैस बसला. जोयड्याच्या बाजारातल्या या दोन खोल्यांच्या कार्यालयात तो चौथ्यांदा येत होता. या वेळी बायकोने, रुक्माने, दुपारची भाकरीही बांधून दिली होती. "उत्तर घिऊनच या," एवढेच ती म्हणाली होती. पुढारी पुंडलिकरावांच्या कारकुनाने, सूरजने, ते गाठोडे पाहिले आणि काय ते ओळखले.

"अज्जा, साहेब बैठकीत आहेत."

"असू दे की. मला घाई न्हाई."

घाई होती. शिमगा आठ दिवसांवर आला होता आणि त्याच्या शेवाळी गावचा मांड बंद होता.

मांड म्हणजे शेवाळीच्या मधोमध शेणाने सारवलेली मोकळी जागा. शिमग्याचा पहिला नाच तिथे व्हायचा, भांडणे तिथे मिटायची. तिथे उभे राहून दिलेला शब्द पाळायचा, आणि जमणार नसेल तर तिथेच उभे राहून तसे सांगायचे. तोवर मांडावर ढोल वाजवायचा नाही. हा नियम शेवाळीत शेंबड्या पोरालाही ठाऊक. पुंडलिकरावांना तो ठाऊक नव्हता, आणि सांगायचे गणपतीकडून राहून गेले होते.

झाले असे. गेल्या वर्षी निवडणुकीच्या प्रचाराला पुंडलिकराव रामनगरहून शेवाळीत आले. ऊन रणरणत होते आणि दाट सावली काय ती मांडावरच्या फणसाची. गणपती गावचा मुख्य माणूस. त्याने पाहुण्याला सावलीत, म्हणजे थेट मांडावर, उभे केले. पुंडलिकराव बोलायला पट्टीचे. स्वातंत्र्य म्हणजे वर्षातून एकदा झेंड्याला सलाम नव्हे, ते म्हणाले. ज्याला प्रश्न विचारायची भीती वाटत नाही तो माणूस स्वतंत्र. मत दिले की नागरिकाचे कर्तव्य संपत नाही, तिथून ते सुरू होते. "तुम्ही विचारा. विचारणं तुमचं कर्तव्य. आणि याच जागी येऊन उत्तर देणं माझं."

गणपतीच्या अंगावर काटा आला. साठ वर्षे खुर्चीतल्या प्रत्येक माणसापुढे तो मान खाली घालून बोलला होता. एखादा मोठा माणूस आपल्याला मान वर कर म्हणतो, हेच त्याला नवे होते. त्या दुपारी तो घरी जाऊन उगाचच दोनदा हसला.

पुंडलिकराव निवडून आले. जुलैत ओढ्यावरचा लाकडी साकव वाहून गेला. बायका छातीभर पाण्यातून डोक्यावर रेशन घेऊन येऊ लागल्या. त्यांत रुक्माही होती. शेवाळीने कर्तव्य म्हणून विचारले: साकव कधी? पाच अर्ज गेले. उत्तर एकाचेही आले नाही. शब्द मांडावर तसाच पडून राहिला. माणसे गणपतीला तोंडावर काही बोलत नव्हती. फक्त तो आला की बोलणे थांबवत होती. त्याच्या आज्याच्या आज्यापासून शिमग्याला शेवाळीत ढोल चुकला नव्हता. तो आता चुकणार होता, आणि गणपतीमुळे चुकणार होता.

तीनच्या सुमाराला पुंडलिकराव बाहेर आले. गणपतीला पाहून त्यांच्या चेहऱ्यावर दात दुखल्यासारखे काहीतरी उमटले.

"अज्जा, तुम्हाला किती वेळा सांगायचं? साकव माझ्या एकट्याच्या हातात नाही. परवानग्या लागतात."

"मग तसंच सांगा की."

"आता सांगितलं ना."

"हितं न्हवं. मांडावर येऊन सांगा. माझ्या हातात न्हाई म्हणा. तेबी उत्तरच हाय."

पुंडलिकराव हसले. हसून वेळ मारून न्यायची त्यांना सवय होती. "भर गावासमोर जाऊन जमत नाही म्हणू? असं कुणी पुढारी करतो का? त्यापेक्षा शिमग्याला ढोलांची नवी जोडी देतो. सूरज, लिहून घे रे."

"ढोल हायत," गणपती म्हणाला. "वाजवता येईनात, एवढंच."

"अहो, तेच भाषण मी वीस गावांत केलं."

"वीस गावांत तुमास्नी मांडावर उभं केलं न्हसंल. आमच्यात केलं. चूक माझीच. पर शब्द तुमचा हाय."

सूरज कागदात तोंड घालून बसला. पुंडलिकराव गाडीची किल्ली बोटात फिरवत दारापर्यंत गेले. गणपती उठला नाही, पण त्याने मान वर केली.

"साहेब, जन्मात पयल्यांदा मी कुठल्या कार्यालयात बाकड्यावर बसलो. आदी भाईरच उभा ऱ्हायचो. तुमच्या त्या बोलण्यानं बसलो. ते खोटं हुतं काय, तेवढं सांगा. मग मी जातो."

किल्ली फिरायची थांबली. पुंडलिकरावांनी रस्त्याकडे पाहिले. समोरून गुंद गावाला जाणारी जीप भरून निघून गेली. मग ते परत आले आणि बाकड्याच्या दुसऱ्या टोकाला टेकले.

"कधी यायचं?" त्यांनी विचारले.

शिमग्याच्या आदल्या दिवशी सकाळी ते आले. सोबत ना कार्यकर्ते ना हार. विजार गुडघ्यापर्यंत दुमडून त्यांनी ओढा ओलांडला आणि फणसाखाली येऊन उभे राहिले. सगळी शेवाळी जमली होती. नेहमीप्रमाणे पुरुष मांडावर होते आणि बायका कडेने.

"साकव मंजूर झालेला नाही," ते म्हणाले. आवाज भाषणाचा नव्हता. "येत्या पावसाळ्याआधी होईल असं मी सांगू शकत नाही. तुमचे पाच अर्ज आले होते. मी ते वाचले नव्हते. परवा वाचले."

म्हातारा विठ्ठल खाकरला आणि म्हणाला, "उत्तर मिळालं." मग माना हलल्या. कुणालाही आनंद झाला नव्हता. साकव काही आला नव्हता. पण मांडावरचा शब्द उचलला गेला होता. गणपतीच्या छातीवरून केवढे तरी ओझे उतरले. त्याने ढोल गळ्यात घातला. मांड उघडायचा मान त्याचाच होता.

"थांबा जरा," कडेवरून आवाज आला. रुक्मा बायकांतून पुढे आली आणि चालत चालत सरळ मांडावर येऊन उभी राहिली. "मला इचारायचं हाय."

"साहेबांस्नी काय ऱ्हायलं इचारायचं?" गणपती म्हणाला.

"साहेबांस्नी न्हाई. तुमास्नी."

विठ्ठलने हात वर केला. "रुक्मे, मांडावर बायका बोलत न्हाईत."

"इचारणं कर्तव्य हाय, असं साहेब हितंच म्हणाले न्हवं? बायका सोडून, असं काय म्हणाले न्हाईत." ती नवऱ्याकडे वळली. "पाव्हण्याला हितं उभं करायचं तुमी ठरवलंसा. मांड बंद पडला तो समद्यांचा. पाण्यातनं आमी गेलो. ठरवताना आमास्नी कुणी इचारलं हुतं?"

निघायला वळलेले पुंडलिकराव जागीच थांबले.

टिपरू गणपतीच्या हातात होते. एक ठोका मारला असता तर पोरे नाचायला धावली असती आणि रुक्माचा प्रश्न त्या गलक्यात बुडून गेला असता. गणपतीला ते कळत होते, रुक्मालाही कळत होते. ती वाट बघत उभी होती.

गणपतीने गळ्यातला ढोल काढून खाली ठेवला. मघाशी पुंडलिकराव जिथे उभे होते तिथे तो जाऊन उभा राहिला.

"न्हाई," तो म्हणाला. "न्हाई इचारलं. चुकलं."

रुक्माने मान हलवली, पण ती मांडावरून उतरली नाही. तिच्या मागून कडेच्या बायकांतली इंदुबाईही मांडावर आली होती. तिलाही काहीतरी विचारायचे होते.