हार घातलेली मावशी

नौपाड्यातल्या नाटक मंडळीत प्रमोदिनीबाईंच्या वाट्याला नायिका कधी आलीच नाही. मोलकरीण, शेजारीण, फार तर मावशी. चोपन्न साली हरिहरपंतांनी नवं कौटुंबिक नाटक लिहून बसवलं, त्यातही त्या मावशीच होत्या. नायिका होती शीला, पंतांची सख्खी भाची.

ठाण्याच्या पहिल्याच प्रयोगात शीला मावशीच्या मांडीवर डोकं ठेवून हमसून हमसून रडत होती. बायका डोळे पुसत होत्या. इतक्यात बाई म्हणाल्या, "रड गं, पोटभर रड. पण पदर माझाय, त्याला नाक पुसू नकोस."

हे वाक्य नाटकात नव्हतं. हशा असा उसळला की शीलाचं रडणं कुणाला ऐकूच गेलं नाही.

"मामा, ही बाई नको!" शीला आत येऊन कडाडली.

बदली माणूस मिळेना, म्हणून पंतांनी मावशीला मुकी करून टाकलं. कल्याणच्या प्रयोगात बाई अडकित्ता घेऊन गुमान कोपऱ्यात बसल्या. नाटकातला शीलाचा नवरोबा म्हणाला, "मी कधी खोटं बोललोय का?" बाईंनी कट्कन सुपारी फोडली. तो आणखी एक शपथ घेई, आणखी एक सुपारी फुटे. मागून शिट्ट्या.

मग पंतांनी शेवटचा उपाय केला. पडदा उघडण्यापूर्वीच मावशी वारलेली! भिंतीवर नुसता हार घातलेला फोटो. "बाई, तुमचा एखादा फोटो तेवढा द्या."

बाईंचे यजमान प्रभाकरराव हादरले. "जिवंतपणी हार? अगं, अपशकुन!"

"अहो, नंतर घातलेला मला दिसणार आहे का?" असं म्हणून बाई ठेवणीतलं लुगडं नेसून स्टुडिओत गेल्या. एक भुवई वर, ओठ गच्च मिटलेले, हसू गालात दाबलेलं. फोटोग्राफर म्हणाला, "जरा गंभीर व्हा." बाई म्हणाल्या, "झालेय की."

डोंबिवलीच्या गणेशोत्सवात प्रयोग लागला. बाई बायकांच्या बाजूला ऐटीत बसल्या. नवरोबा फोटोकडे हात करून म्हणाला, "मावशींची शपथ, मी निर्दोष आहे!" सगळ्या मांडवानं त्या भुवईकडे पाहिलं आणि एकच गलका उठला. शीलानंही मान वळवली. ओठ चावले, पदर तोंडात कोंबला, शेवटी हसत हसत खालीच बसली. नाटक ठप्प.

"मावशीला आणा!" कुणीतरी ओरडलं.

पंत विंगेतून हात जोडत होते. बाई उठल्या, पदर खोचून स्टेजवर चढल्या आणि शीलाला म्हणाल्या, "ऊठ गं बाई. यमानं परत पाठवलं. म्हणाला, दोघांची भांडणं मिटव, मग ये."

तिथून पुढचा अंक त्यांनी मनानंच रेटला, आणि शीलानं हसू आवरत साथ दिली. टाळ्या थांबेनात.

"तुम्हाला मारणंही महागात पडतं," पंत कपाळ पुसत म्हणाले. पुढच्या प्रयोगाला मावशी जिवंत होती, आणि बोलतही होती.

अंबरनाथ, भिवंडी, पनवेल, सगळीकडून बोलावणी आली. दोनेक वर्षांनी एका मंडळीनं बाईंना चक्क नायिका देऊ केली. बाईंनी नाही म्हटलं. "तीन अंक रडायचं? मला जमायचं नाही."

शीला मात्र प्रत्येक प्रयोगाआधी त्यांच्या मागे लागे. "आज काय बोलणार ते आधी सांगा ना, मावशी!"

बाई शांतपणे पावडर लावत राहत.