टिकलीची जागा

घाटमाथ्यावरच्या त्या आरशांच्या गॅलरीतून माणूस आधी बाहेर येतो आणि त्याचं प्रतिबिंब साधारण सात मिनिटांनी येतं. तिकिटाच्या मागं तसं छापलेलंच आहे. आत एवढे आरसे, एवढे भास, की प्रतिबिंबांना सगळं आवरून निघायला जरा वेळ लागतो. म्हणून बाहेर पडायच्या दाराशी एक लांब बाक ठेवलाय आणि बाकासमोर, घरात असतो तसा एक साधा आरसा. त्यात आपला चेहरा उमटला की उठायचं आणि घरी जायचं. तोवर लोक बाकावर बसून भाजलेली कणसं खातात आणि फोनवर बोलतात. कुणाला त्याचं काही वाटत नाही.

वृंदा सबनीसलाही वाटलं नव्हतं. तिच्या नवऱ्याचं, श्रीनिवासचं प्रतिबिंब सहाव्या मिनिटाला आलं आणि आल्या आल्या त्यानं पोट आत घेतलं. सात वर्षांच्या रेवाचं तर चौथ्याच मिनिटाला धावत आलं. वृंदाचं काही येईना.

वेळ काढायला मायलेकी पापणीचा खेळ खेळत बसल्या. समोरासमोर बसायचं, एकमेकींच्या डोळ्यांत बघायचं, जिची पापणी आधी हलेल ती हरली. आकडे रेवा मोजायची आणि पंधराच्या पुढं ती आजवर कधी गेली नव्हती. आजही दोनदा हरली. दोन्ही वेळा आईनं लबाडी केली, असं तिचं ठाम म्हणणं होतं.

वीस मिनिटं झाली. समोरच्या आरशात बाक दिसत होता, श्रीनिवास दिसत होता, रेवा दिसत होती आणि दोघांच्या मधे एका माणसाएवढी रिकामी जागा.

दाराशी लाडेकाकू उभ्या होत्या. खाकी साडी, गळ्यात शिट्टी. गॅलरी सुरू झाल्यापासून त्या याच दारावर आहेत. त्यांनी वृंदाची चौकशी सुरू केली. आत केस विंचरले का, आरशाला पाठ करून उभ्या राहिलात का, कुणाशी भांडलात का. वृंदा नाही नाही म्हणत गेली. मग काकूंची नजर तिच्या कपाळावर थांबली.

"टिकली कुठाय?"

वृंदानं कपाळाला हात लावला आणि तिला आठवलं. आतल्या खोलीत, चारी भिंती आरशांच्या आहेत तिथं, फार उकडत होतं. तिनं टिकली काढली, ओढणीनं घाम पुसला आणि टिकली समोरच्या आरशाला चिकटवून टाकली. घरी रोज चिकटवते तशीच, न बघता, उजवीकडे, कानाच्या उंचीवर. घरच्या आरशाचा तो कोपरा टिकल्यांनी भरलेला असतो. दर दिवाळीला श्रीनिवास ब्लेड घेऊन त्या खरवडतो आणि खरवडताना बोलून दाखवतो. आज टिकली पुन्हा लावायच्या आत रेवानं पुढून हाक मारली होती आणि वृंदा तशीच निघून आली होती.

"घात केलासा बाई," लाडेकाकू म्हणाल्या. "टिकली डकवली की त्याला वाटतंय, घरच आलं. मग ते कशाला भाईर येतंय?"

साडेपाचला गॅलरी बंद होते, आरशांवर कापडं टाकतात, आणि कापड पडलं की आतलं ते आत, हेही त्यांनी सांगितलं. मागच्या वर्षी एका बाईंचं असंच झालं होतं म्हणे. त्या बाईंचं पुढं काय झालं, असं वृंदानं विचारलं. काकूंनी बराच वेळ आठवून पाहिलं.

"कंची बाई?" त्या म्हणाल्या.

पाच वाजून दहा मिनिटं झाली होती. श्रीनिवास आतले फोटो बघत होता. एका फोटोत रेवाच्या खांद्यामागं वृंदा होती, निदान मघाशी तरी होती. आता तिथं नुसती पर्स लटकत होती आणि श्रीनिवासनं फोटो आवडल्यासारखी मान हलवून पुढचा काढला. रेवानं कणसाचे दाणे सोडवले, बाबांना दिले, लाडेकाकूंना दिले, उरलेले स्वतः खाल्ले. मग ती म्हणाली, "बाबा, आई कुठंय?"

तिचा डावा हात तेव्हा वृंदाच्या हातात होता.

श्रीनिवासनं सगळीकडे पाहिलं. वृंदाच्या चेहऱ्यावरूनही त्याची नजर फिरली आणि पुढं गेली. "येईल. बाथरूमला गेली असेल," तो म्हणाला. आता काही मिनिटांनी तिची लेक असं विचारायचीही थांबणार होती. तिनं रेवाचा हात सोडला आणि बाहेर यायच्या दारातून ती आत शिरली.

प्रतिबिंब नसलेल्याला भास होत नाहीत. त्याच्यासाठी आत जे चित्र काढलंय ते खरंच असतं. पहिल्याच दालनात फरशीवर एक विहीर रंगवलेली आहे. मघाशी तिच्यावर उभं राहून तिघांनी आरडाओरडा करत फोटो काढले होते. आता तिच्यातून गार वारा येत होता आणि खूप खाली पाणी हलत होतं. वृंदा भिंतीला पाठ लावून काठाकाठानं पलीकडे गेली. पुढच्या कलत्या खोलीत ती एका टोकाला शिरली तेव्हा डोकं छताला लागत होतं आणि दुसऱ्या टोकाला कडी गाठायला तिला टाचा उंच कराव्या लागल्या.

आरशांच्या खोलीत ती कुठल्याच आरशात उमटली नाही. टिकली मात्र होती. मरून रंगाच्या टिकल्यांची एकाच उंचीवर रांग लागली होती, दिसेल तिथवर. आणि आरशाच्या आत तिचं प्रतिबिंब मांडी घालून बसलं होतं, केस मोकळे सोडून. रविवारी दुपारी सगळे झोपल्यावर वृंदा बसते तसं.

वृंदानं नखानं टिकली उचकटायला घेतली. नख नुसतं काचेवर फिरलं. टिकली आतल्या बाजूनं होती.

"चल," वृंदा म्हणाली.

"कशाला? लग्नानंतरच्या अकरा वर्षांत तू माझ्याकडे एकदा तरी बघितलंस का? टिकली मधोमध आहे का बघतेस. केस पिकलेत का बघतेस. इथं लोक थांबून बघतात."

वृंदाला वाईट वाटलं. ते खरं होतं. आणि रागही आला, कारण सकाळी डबे करून सव्वाआठची बस पकडणाऱ्या बाईनं आरशासमोर थांबायचं कधी? पण भांडायला वेळ नव्हता.

"रेवा मला विसरायला लागलीय," ती म्हणाली.

प्रतिबिंबानं मांडी सोडली. "रेवा?" ते म्हणालं आणि उठून काचेशी आलं. "मग मला जागा दाखव. तो दारातला आरसा येणाऱ्याजाणाऱ्यांचा. तिथं माझं काय आहे? टिकली लावलेली जागा दाखव, मी येते."

तेवढ्यात लाडेकाकूंची शिट्टी वाजली. वृंदा पळत सुटली. कलती खोली, विहिरीचा काठ, दार. बाहेर आली तर दारासमोरच्या आरशावर कापड पडलेलंच होतं. श्रीनिवासच्या हातात गाडीची किल्ली होती आणि तो रेवाला बुटाची नाडी बांध म्हणून सांगत होता. लाडेकाकू कापडांचा गठ्ठा घेऊन वृंदाच्या अंगावरून, खरंच अंगावरून, आत गेल्या.

पर्समध्ये टिकल्यांचं पाकीट होतं. ते तर असतंच. पण लावायला आरसा नव्हता. वृंदानं सगळीकडे पाहिलं आणि मग तिनं रेवाच्या डोळ्यांकडे पाहिलं. ती गुडघ्यांवर बसली, पाकिटातली एक टिकली सोडवली आणि रेवाच्या दोन भुवयांच्या मधे दाबून लावली.

"आई?" रेवा म्हणाली. "तू कुठून बोलतेस?"

वृंदा अजून काहीच बोलली नव्हती. "इथूनच," ती म्हणाली. "आपण पापणीचा खेळ खेळू. समोर बघ. मोज."

रेवा मोजायला लागली. तिच्या डोळ्यांच्या बुबुळांत बाक होता, संध्याकाळचं ऊन होतं, मागचं उघडं दार होतं. समोर बसलेलं कुणी नव्हतं. सहा झाले. सात झाले. आठाला दारातून दिसणाऱ्या अंधारात, पार आत, तिळाएवढं काहीतरी हललं. मोकळ्या केसांची, कोऱ्या कपाळाची एक बाई पळत येत होती आणि तिच्या मागं एकेका आरशावर कापड पडत होतं.

"रेवा, चल," श्रीनिवास म्हणाला. "कुणाशी बोलतेयस?"

"थांबा ना बाबा. अकरा. बारा."

बाई कलत्या खोलीतून बाहेर पडली. रेवाच्या डोळ्यांत पाणी साचत चाललं होतं आणि त्या पाण्यात दार, बाक, ऊन, सगळं थरथरायला लागलं.

"तेरा," रेवा म्हणाली.

"हलवू नकोस पापणी," वृंदा म्हणाली. "बाळा, हलवू नकोस."

बाई विहिरीच्या काठावर पोचली होती आणि भिंतीला पाठ लावून एकेक पाऊल टाकत होती.

"चौदा."