पूजेतला पाना

रंगरावासारखा चळवळ्या माणूस मी दुसरा पाहिला नाही. चहा पितानाही त्याचा एक पाय हलत असायचा. त्या खंडेनवमीला दुपारी तो शेडच्या मागे येऊन भिंतीला टेकला, तेव्हा त्याचे दोन्ही पाय गप्प होते. मला तिथेच शंका आली की काहीतरी बिनसलंय.

गोष्ट सत्तावन्न सालची. चिंचवड स्टेशनापासून चालत जाण्याच्या टप्प्यात, बाजरीच्या रानात आमची नवी शेड उभी राहिली होती. कंपनी सायकलींचे मडगार्ड बनवणार होती आणि दसऱ्याला मोठा प्रेस सुरू करायचा मुहूर्त ठरला होता. मी अजीज, वेल्डर. रंगराव वायरिंगचा फिटर, कऱ्हाडकडचा. आमच्या दोघांच्या डोक्यावर लक्ष्मणराव मिस्त्री. ते निघोज्याचे, तोंडाने फटकळ आणि कामाला वाघ.

केबली आधी जमिनीतल्या चरांतून न्यायच्या होत्या. पण तिथली माती काळी, पावसाळ्यात चर विहिरीसारखे भरले. मग छताच्या कैच्यांना, म्हणजे पत्रे पेलणाऱ्या लोखंडी सांगाड्यांना, ट्रे टांगून वरूनच न्यायचं ठरलं. ट्रे कसला, यावर मिस्त्री आणि रंगराव यांची अशी जुंपली की आम्ही जेवणाच्या सुट्टीत तमाशाला बसल्यासारखे बसायचो. मिस्त्रींना हवा होता भोकं पाडलेल्या पत्र्याचा, पन्हळीसारखा. रंगरावाचं म्हणणं, पत्र्यात धूळ साठणार, भोकं बुजणार, केबली तापणार. त्यापेक्षा शिडी करू. दोन बाजूंना अँगल, मध्ये आडव्या पट्ट्या. खालूनवरून वारा खेळेल आणि कुठली केबल कुठे गेली ते खाली उभ्या माणसालाही दिसेल. मिस्त्री म्हणाले, शिशाच्या आवरणाची केबल म्हशीसारखी जड असते, दोन पट्ट्यांच्या मध्ये पोट सोडेल. मग पट्ट्या जवळ जवळ घेऊ, रंगराव म्हणाला. याला काय जातंय बोलायला. प्रत्येक पट्टीला वेल्डिंगचे टाके मलाच मारायचे होते आणि प्रत्येक कड कानशीने घासायचीही मलाच होती, नाहीतर तिच्यावर शिसं कापलं जातं.

शेवटी मिस्त्रींनी हात टेकले. "कर तुझी शिडी," ते म्हणाले. "पण पडली तर तुझ्या नावानं पडंल."

तेव्हापासून सगळी शेड तिला रंगरावाची शिडीच म्हणू लागली. रंगरावाला ते आवडायचं. कैचीवरून सोडलेले रॉड, खाली आडवा अँगल, त्यावर शिडी, आणि ओळीने मांडलेल्या केबली. येता-जाता तो मान वर करून बघायचा. एकदा त्या नादात ग्रीसच्या डब्यात पाय घातला, तरी हसत होता.

आता खंडेनवमीचं सांगतो. एकदा हत्याराला कुंकू लागलं की दसऱ्याचा मुहूर्त होईपर्यंत त्याला हात लावायचा नाही, ही आमच्याकडची रीत. ती सगळे पाळायचे, मीही. माझा वेल्डिंगचा होल्डर मीच पाटावर ठेवला होता. ज्याच्या जिवावर भाकरी खातो त्याला झेंडूचं फूल वाहायला मला कुणाला विचारावं लागत नाही.

भटजी दुपारी यायचे होते ते सकाळीच आले. त्यांना त्या दिवशी आणखी चार कारखाने करायचे होते. रंगराव तेव्हा प्रेसच्या वरच्या कोपऱ्यात, शेवटच्या टांगणीपाशी पाणसळ धरून शिडीची पातळी बघत होता. मिस्त्रींनी खालून आरोळी ठोकली, पाना घेऊन खाली ये, तुझ्यावाचून पूजा अडलीय. तो धडाधडा उतरला. मिस्त्रींनी त्याच्या हातातून पाना घेतला आणि पाटावर ठेवला. आरती झाली, पेढे वाटले, शेडला कुलूप लागलं. किल्ली मिस्त्रींच्या कमरेला.

आणि आता रंगराव माझ्यासमोर भिंतीला टेकून उभा होता.

"अजीजभाई, कोपऱ्यावरच्या टांगणीचे नट हातानंच लावल्यात," तो म्हणाला. "पातळी बघून मग पान्यानं आवळणार हुतो. ऱ्हायलंच."

मी आधी हसलो. मग माझं हसू आपोआप विरलं. त्या कोपऱ्यावर शिडी वळते आणि सगळ्या केबली तिथून खाली प्रेसकडे उतरतात, म्हणजे सगळ्यात जास्त भार तिथेच. प्रेस चालू झाला की धाडधाड हादरे बसणार. हाताने लावलेला नट हादऱ्याला हळूहळू फिरत खाली सरकतो. एक टांगणी सुटली की पूर्ण कोपरा खाली. आणि दसऱ्याला बायका-पोरांना प्रेस नीट दिसावा म्हणून मिस्त्रींनी जाजम नेमकं त्याच कोपऱ्याखाली घालायला सांगितलं होतं. रंगरावाची सुभद्राबाई तान्ह्या लेकीला घेऊन येणार होती. माझी मदिना आठ दिवसांपासून कुठली साडी नेसायची याचाच विचार करत होती.

मी चिडलो. म्हटलं, मग इथे काय भिंत धरून उभा आहेस, जाऊन मिस्त्रींना सांग.

"त्यांनी इचारलं हुतं," तो म्हणाला. "आरतीच्या आधी. समदं झालं का म्हणून. आन् मी व्हय म्हणालो."

का म्हणालास, असं मी विचारलं नाही. भटजी घाईत, निरांजन पेटलेलं, सगळी शेड त्याच्याकडे बघतेय. अशा वेळी माणसाचं तोंड परस्पर बोलून जातं. पण आता तो शब्द त्याला मागे घेता येत नव्हता. शिडी त्याची, हट्ट त्याचा, आणि खोटंही त्याचंच.

मग तो म्हणाला, "तुमी उचला की पाना. तुमाला काय त्याचं एवढं."

मला ते ठिणगी उडून मनगटावर बसावी तसं लागलं. मी म्हणालो, "तिथे माझाही होल्डर आहे, रंगराव. आणि मी उचलला, अन् उद्या कुणाला साधं खरचटलं, तर लोक नटाला विचारणार नाहीत. मला विचारतील."

त्याने मान खाली घातली. माफी मागितली नाही, पण कान लाल झाले होते. माझा राग तिथेच निम्मा उतरला.

मग दुसरा पाना शोधायला आम्ही पिंपरीत नवाबच्या सायकल दुकानात गेलो. म्हटलं, तिथे तरी मिळेल. तर नवाबचे सगळे पाने ओळीने मांडून, वर झेंडूच्या माळा घालून तयार. तो म्हणाला, उद्या या, चहा घ्या आज. चहा घेतला. रंगरावाचा कप भरलेलाच राहिला. पाना मिळून तरी काय करणार होतो, शेडला कुलूप होतं.

संध्याकाळपर्यंत रंगराव शेडकडे किती वेळा गेला कोण जाणे. मी एकदा त्याला आणायला गेलो तर मिस्त्री पायरीवर एकटेच बसले होते आणि हा समोर उभा. मला वाटलं, सांगतोय बहुतेक. पण दोघंही गप्प. एरवी मिस्त्रींनी अर्धा तास झाडला असता, कामधंदा नाही का म्हणून. त्या दिवशी त्यांनी वर बघितलंही नाही. अंगठा धोतराला पुसत पुसत ते एवढंच म्हणाले की घरी जा, सण आहे. मी मनात म्हटलं, म्हातारा दमलाय.

रात्री झोप लागली नाही. सकाळी मदिनाला म्हणालो, दाराजवळच बस, आत जाऊ नकोस. ती म्हणाली, दारातून मशीन दिसतं का, मग एवढं नटून जायचं कशाला. माझ्या बायकोला वाचवायचं आणि सुभद्राबाईला तिथेच बसू द्यायचं, हा कसला हिशेब. स्वतःची इतकी चीड मला कधी आली नव्हती.

शेडमध्ये जाजम घातलेलं होतं. बायका आधीच बसल्या होत्या, सुभद्राबाई पुढेच, लेक मांडीवर. मदिना माझं काही न ऐकता तिच्या शेजारी जाऊन बसली. नारळ फुटला. मालकीणबाई प्रेसचं बटण दाबायला पुढे झाल्या.

रंगराव उठला. पाटापाशी गेला, वाकून नमस्कार केला आणि कुंकू लागलेला पाना उचलला.

सगळ्या शेडमध्ये कुजबुज झाली. कुणीतरी अपशकुन म्हणालं. मिस्त्री म्हणाले, "रंगा. ठेव ते."

"कोपऱ्याचे नट सैल हायेत, मिस्त्री," रंगराव सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "मी काल खोटं बोललो. बायामाणसांनी उठा तिथनं."

बायका उठल्या. मदिना उठताना माझ्याकडे बघत होती आणि तिला सगळं कळलं होतं. मालकीणबाईंचा हात बटणावरच राहिला. मी काही ठरवायच्या आत माझे पाय वर चढायच्या लाकडी घोड्यापाशी गेले आणि मी घोडा धरला. रंगराव वर चढला.

त्याने नटाला हात लावला आणि थबकला. बोट नटावर घासून डोळ्यांजवळ नेलं. मीही खालून बघितलं. नटाच्या कडांना लाल लागलं होतं. कुंकू. पूजेच्या आधी तिथे कुंकू लागायचं काही कारण नव्हतं. पूजेनंतर कुणीतरी पूजेतल्याच पान्याने तो नट आवळला होता. आणि किल्ली एकाच माणसाकडे होती.

रंगरावाने खाली मिस्त्रींकडे बघितलं. मिस्त्रींचा चेहरा चुन्यासारखा पांढरा पडला होता. ज्याने जन्मभर आम्हाला रीत शिकवली, कुंकू लागल्यावर पक्कड उचलली म्हणून एका पोराला ज्याने कामावरून घालवलं होतं, तो माणूस आता रंगरावाच्या एका शब्दावर उभा होता. मला वाटलं, आता हा बोलणार. बोलला असता तर स्वतः सुटला असता.

रंगरावाने पाना नटाला लावला आणि जोर करू लागला. सैल नट आवळतोय असं दाखवत, दात खात, कण्हत. घट्ट बसलेला नट कुरकुरला. खालचे लोक माना हलवू लागले, बरं झालं, वेळेवर लक्षात आलं. त्याने दुसऱ्यांदा जोर केला. नट पुन्हा कुरकुरला, या वेळी वाईट आवाजात. मिस्त्री अंगावर काटा आल्यासारखे शहारले. पुतळ्यासारखे उभे राहायचा त्यांनी फार प्रयत्न केला. तिसऱ्यांदा पाना फिरायला लागला आणि त्यांच्याने राहवेना.

"आरं बास," ते ओरडले. "आटे जातील. काल आवळलाय त्यो मी."

शेडमध्ये कुणी हललं नाही. बोलून गेल्यावर मिस्त्रींना कळलं आपण काय बोललो. त्यांनी टोपी काढली, हातात धरली.

"हा काल लई घाईनं उतरला," ते मालकीणबाईंना म्हणाले, पण बघत होते पाटाकडे. "कुलूप लावताना मला ऱ्हावलं न्हाई. चढून बघितलं. पूजेतला पाना मी उचलला, बाई. कालच. आन् याला सांगितलं न्हाई, कारन मग माझंबी सांगावं लागलं असतं."

रंगराव उतरला, पाना पाटावर ठेवला. तो वाकडा ठेवला गेला होता, मिस्त्रींनी पुढे होऊन सरळ केला. मग बाईंनी बटण दाबलं. प्रेस धाडकन खाली आला, पुन्हा वर गेला, पुन्हा खाली. प्रेसकडे कुणी बघतच नव्हतं. सगळी शेड मान वर करून शिडीकडे बघत होती. ती जागची हलली नाही.

सोनं लुटताना आम्ही दरवर्षी आधी मिस्त्रींच्या पाया पडायचो. त्या वर्षी तेच गर्दीतून वाट काढत आले, रंगरावाच्या हातावर आपट्याची पानं ठेवली आणि म्हणाले, "सोनं घ्या, रंगराव." आजवर त्यांनी त्याला रंगा सोडून दुसरी हाक मारली नव्हती. रंगराव पाया पडायला वाकला, तसे त्यांनी त्याचे खांदे धरले. डोळे भरले होते, पण आवाज नेहमीचाच.

"दुपारी चढून बघू दोघं," ते म्हणाले. "आटे गेले असतील तर नट तुझ्या डोक्यात घालीन."

रंगराव हसला. त्याचा एक पाय पुन्हा हलायला लागला होता.