जवसाची चढती रेघ

बाबांनी एकतीस वर्षं जवसाच्या एकाच वाणापायी घालवली. आई म्हणते, "ह्यांचं पहिलं लग्न जवसाशी, मी आपली दुसरेपणाची." मी सांख्यिकी कार्यालयात बसून देशभरातल्या तेलबियांचे आकडे डोळ्यांत तेल घालून तपासते. म्हणजे बाप पेरणार आणि लेक मोजणार, असा आमचा घरचाच कारभार.

यंदा बाबांचं संशोधन केंद्र बंद करायचं घाटत होतं. सोमवारी समिती यायची होती. रविवारी सकाळी बाबांनी स्वयंपाकघरातल्या टेबलावर आलेख पसरला. चहाचे कप आईने ओट्यावरच ठेवले.

"हेक्टरी उतारा बघ, दर वर्षी वर," बाबा म्हणाले. "एवढं दाखवलं की कुणाची टाप आहे केंद्र बंद करायची? तू फक्त खाली सही कर."

खाली लिहिलं होतं, 'ही वाढ सुधारित वाणामुळे झाली आहे.'

आकडे खरे होते, पण ते वाक्य खोटं होतं. जवसाखालची जमीन दर वर्षी आटत चालली होती. आधी मुरमाड जमिनीवाल्यांनी जवस सोडलं, मग मध्यम जमिनीवाल्यांनी. उरली ती पाण्याजवळची भारी शेतं. कच्ची मुलं शाळा सोडून गेली की वर्गाचा निकाल सुधारतो, तसा हा उतारा चढला होता. पहिल्यापासून टिकलेली शेतं तेवढी वेगळी काढून मी हिशेब करून पाहिला होता. रेघ सपाट आली. बाबांच्या वाणाने काहीच वाढवलं नव्हतं. हे त्यांना कोणत्या तोंडाने सांगायचं, या विचाराने चार दिवस माझा जीव तिळतिळ तुटत होता.

पेन हातात तसंच राहिलं. बाबांनी ते पाहिलं.

"सपाट येते ना?" ते हळूच म्हणाले.

"तुम्हाला माहीत होतं?"

"सहा वर्षं झाली."

"मग खरं सांगा ना समितीला. अजून काम बाकी आहे म्हणा."

"एकतीस वर्षांत काही जमलं नाही म्हणणाऱ्याला आणखी वर्षं कोण देतं, बाई?"

मी सही केली. माझे बाबा आहेत ते.

सोमवारी समितीचे अध्यक्ष आलेखावर खूश झाले. चष्मा काढून त्यांनी बाबांचा हात हातात घेतला.

"वा! तुम्ही तर मोहीम फत्ते केलीत. उतारा एवढा वाढलाय म्हटल्यावर आता संशोधनाची गरजच काय? केंद्र बंद करताना आम्हाला टोचणी लागली होती. तुम्ही ती घालवलीत."

बाबांनी बोलायला तोंड उघडलं. मला कळलं ते काय सांगणार ते. तेवढ्यात त्यांची नजर खाली माझ्या सहीवर गेली. खरं सांगितलं असतं तर माझी नोकरी गेली असती.

"आभारी आहे," बाबा म्हणाले.

मीही तिथेच होते. खरं मलाही सांगता आलं असतं. मी कागद आवरत बसले.