पहिली वाटी शेजारच्या घरी

मित्रांनो, माळ्यावर चढून तुम्ही कधी नीट पाहिलंत, तर जुन्या गाद्यांच्या मागे मी पालथा पडलेला दिसेन. मी एक पितळी टोप. तोंडाने रुंद, अंगाने उथळ, बुडाला सपाट. आतली कल्हई कधीच उडाली आहे आणि बाहेर हिरवे डाग धरले आहेत. असल्या टोपाने आपली कहाणी सांगायची म्हटल्यावर कोणीही हसेल. हसू द्या. माझं कौतुक मला सांगायचंच नाही. एका भल्या माणसाच्या नावाला बट्टा लागला तो माझ्या डोळ्यांदेखत, आणि तो खोटा आहे हे ठाऊक असलेलं माझ्याशिवाय आता कोणी उरलं नाही. म्हणून तोंड उघडतो आहे.

माझा जन्म मुंबईच्या तांबाकाट्यावरच्या एका दुकानातला. कारागिराने मला हातोडीने इतकं बडवलं, की याहून वाईट दिवस आपल्या नशिबी येणार नाहीत असं मला वाटलं. नवा होतो, मला काय कळत होतं! पुढे रुखवतात मिरवून मी गिरगावात सरोजिनीबाईंच्या सासरी आलो. प्रभूंचं घर ते. कधीकाळी त्यांच्या माहीमला नारळाच्या वाड्या होत्या म्हणे. मी आलो तेव्हा चाळीतल्या दोन खोल्या आणि जुना तोरा तेवढा शिल्लक होता. सरोजिनीबाईंचे यजमान श्यामकांत फोर्टातल्या एका जहाज कंपनीत कारकून होते.

प्रभूंच्या घरात भानोळं, म्हणजे बेसनात कालवून भाजलेली जाड खारी वडी, करतात ते खाली निखारे आणि वर झाकणावरही निखारे ठेवून. ते काम माझ्याकडे आलं. कोलंबीचं भानोळं, कोबीचं भानोळं, सगळं माझ्याच पोटात भाजलं गेलं, आणि जेवणारे बोटं चाटत असत. मग एका नाताळात श्यामकांतांच्या गोऱ्या साहेबाने त्यांना चीजचा डबा भेट दिला. चाळीत तोवर चीज कोणी पाहिलं नव्हतं. सासूबाईंनी वास घेतला आणि साबण समजून डबा मोरीत नेऊन ठेवला. सरोजिनीबाईंनी तो परत आणला, बोटाने चाखला आणि ठरवलं की याचं भातात काहीतरी करायचं.

त्यांनी तांदूळ मोकळा शिजवून परातीत निववला. मला आतून लोणी फासलं. भाताचा एक थर, त्यावर परतलेला कांदा, मिरपूड आणि किसलेलं चीज, पुन्हा भात, पुन्हा चीज, आणि वरून वाटीभर दूध. मग झाकण आणि निखारे. पाऊण तासाने कडेने दूध बुडबुडायचं थांबलं आणि वर खरपूस सोनेरी पापुद्रा धरला. भानोळ्याच्या रीतीने केलेला तो विलायती भात शरदने, म्हणजे त्यांच्या एकुलत्या एका मुलाने, असा काही खाल्ला की माझी खरवडसुद्धा शिल्लक ठेवली नाही. चीज महाग. त्यामुळे तो भात वर्षातून एखाद-दुसऱ्या वेळीच व्हायचा, आणि व्हायचा तो शरदसाठीच. गॅलरीत वास सुटला की मजला ओळखायचा, आज शरदचं काहीतरी आहे.

त्या मजल्याची एक रीत होती, ती सांगायला हवी. घरात खास काही शिजलं की घरच्यांच्या पानात वाढण्याआधी पहिली वाटी शेजारी जायची. आमच्या शेजारी सुभद्राबाई राहत. दोन्ही स्वयंपाकघरांच्या मधल्या भिंतीत एक झरोका होता. तिथून वाटी पलीकडे जायची आणि कधी रिकामी परत यायची नाही. वीस वर्षं मी हे पाहिलं. सरोजिनीबाईंना त्याचा विचारही करावा लागत नसे. झाकण काढलं की हात आपसूक वाटीकडे वळायचा.

मग छप्पन्न साल उजाडलं. सासूबाई तोवर गेल्या होत्या. मुंबई महाराष्ट्राला मिळणार नाही असं जानेवारीत रेडिओवर सांगितलं गेलं आणि शहर पेटलं. गोळीबार झाले, कर्फ्यू लागला. शरद तेव्हा कॉलेजात होता. संयुक्त महाराष्ट्राची पत्रकं तो सायक्लोस्टाईलवर काढायचा आणि सदऱ्याखाली लपवून गिरणगावात पोचवायचा. पोलीस घरी येऊन त्याचं नाव विचारून गेले, तेव्हा तो डिलाईल रोडला कुशाबाच्या खोलीत जाऊन लपला.

कुशाबा कणकवलीकडचा गिरणी कामगार. त्याच्या एका खोलीत सहा माणसं राहत होती, त्यात शरद सातवा झाला. कुशाबाची बायको रखमा हिने त्याला चुलीजवळची उबेची जागा दिली आणि आपण गॅलरीत अंथरूण टाकलं. मोर्च्यात लाठीचा मार लागून शरदच्या अंगात ताप भरला होता. नऊ दिवस त्या दोघांनी त्याला सांभाळलं. मधे एकदा दूध आणायला गेलेला कुशाबा कर्फ्यूत सापडला. पोलिसांनी त्याला एक दिवस ठेवून घेतलं आणि सोडून दिलं. त्या एका दिवसाने पुढे त्याचा घात केला.

दहाव्या दिवशी दुपारी कर्फ्यू दोन तास उठला. कुशाबाने शरदला दंडाला धरून आमच्या गल्लीच्या तोंडापर्यंत आणून सोडलं आणि तो आल्या पावली परत गेला. शरद घरी आहे हे श्यामकांत, सरोजिनीबाई आणि कुशाबा यांच्याशिवाय कोणाला ठाऊक नव्हतं. पण मुलाच्या पोटात अन्न राहीना. पेज नको, मऊ भात नको. दोन दिवस सरोजिनीबाई त्याच्या उशाशी बसून राहिल्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी ट्रंकेतला चीजचा डबा काढला.

श्यामकांत म्हणाले, वास बाहेर गेला तर मजल्याला कळेल. म्हणून सरोजिनीबाईंनी खिडक्या लावल्या, दाराच्या फटीला ओलं गोणपाट कोंबलं, आणि धुराने डोळे चुरचुरत असताना मला निखाऱ्यांवर ठेवलं. इतकी काळजी घेतली हो त्या बाईने! पाऊण तासाने झाकण काढलं. बाहेरच्या खोलीत शरद उठून बसला आणि म्हणाला, "आई, भात केलास?" तीन दिवसांत तो पहिल्यांदा आपणहून बोलला होता. ते ऐकून बाईंचा चेहरा फुलला, आणि त्याच आनंदात त्यांनी वाटी भरली आणि झरोक्यातून पलीकडे दिली.

मी पाहत होतो. पितळेला ओरडता येत नाही, मित्रांनो.

सुभद्राबाई वाईट नव्हत्या. शरद त्यांच्या अंगाखांद्यावर वाढला होता. दुसऱ्या दिवशी दुधाच्या रांगेत कोणीतरी हळहळून शरदची चौकशी केली, तेव्हा त्यांना राहवलं नाही. तो सुखरूप आहे, काल त्याच्यासाठी भात झाला, असं त्या बोलून गेल्या. ते रांगेतल्या कोणी कोणाला सांगितलं हे कधीच कळलं नाही. दोन तासांत पोलीस आले आणि त्यांनी शरदला अंगावरच्या कपड्यांनिशी नेलं.

संध्याकाळी सुभद्राबाई आमच्या स्वयंपाकघरात येऊन रडल्या. कालची वाटी त्यांच्या हातात होती. काय घडलं ते त्यांनी सगळं सांगितलं. सरोजिनीबाईंनी ती वाटी काढून घेतली. बाहेरच्या खोलीत श्यामकांत डोकं धरून बसले होते. मग त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, "सुभद्रा, हे तुझ्यामाझ्यात राहू दे. ह्यांना कळलं तर मला घरात उभं करणार नाहीत. आणि शरदला मी तोंड कसं दाखवू?" मी त्यांना दोष देत नाही, असं मी स्वतःला अनेकदा बजावलं आहे. पण खरं सांगायचं तर देतो.

शरद अकरा महिन्यांनी सुटला. उजव्या हाताची तीन बोटं कोठडीत मोडून वाकडी जुळली होती. लेखणी धरता येत नव्हती, घास डाव्या हाताने घ्यावा लागे. बसल्या बसल्या त्याच्या मनात एकच हिशेब चाले. घरात आपण तिघं, आणि बाहेर ठाऊक असलेला एकटा कुशाबा. तोच कुशाबा आदल्या आठवड्यात पकडला गेला आणि एका दिवसात सुटला. इतरांना महिनोन् महिने ठेवलं, यालाच का सोडलं? हा हिशेब त्याने डिलाईल रोडच्या बैठकीत बोलून दाखवला. पुढचं काम तिथल्या चाळीने केलं.

कुशाबाच्या दारावर डांबराने 'खबऱ्या' असं लिहिलं गेलं. ज्या डांबराने भिंतीभिंतींवर संयुक्त महाराष्ट्राच्या घोषणा लिहिल्या होत्या, त्याच डांबराने. गणपतीला त्याची वर्गणी घेतली नाही. नळावर रखमा आली की बायका हंडे उचलून बाजूला व्हायच्या. कुशाबा एकदा आमच्या चाळीखाली येऊन उभा राहिला होता. श्यामकांतांनी वरून त्याला नाही नाही ते बोलून घालवलं. सरोजिनीबाई तेव्हा माझ्याजवळ तांदूळ निवडत होत्या. त्यांनी तोच मूठभर तांदूळ चार वेळा निवडला.

अशी तीन वर्षं गेली. साठ साली एक मेला महाराष्ट्र झाला. गॅलऱ्यांना तोरणं लागली, पेढे वाटले गेले. शरदने आईला म्हटलं, आज तो भात कर. चार वर्षांत मी निखाऱ्यावर चढलो नव्हतो. बाईंनी नाही म्हणून पाहिलं, पण त्या दिवशी नाही म्हणायला कारण काय सांगणार?

भात होत आला होता, तेव्हा दारात रखमा येऊन उभी राहिली. आत या म्हटलं तरी आली नाही. उंबऱ्याबाहेरूनच बोलली.

"बाईनू, आमी उद्या कायमची गावाक जातंव. ह्येंनी तीन वर्सां मान वर करूक नाय. तुमच्या झिलान एकदा आमच्या चाळीत येवन सांगल्यान, कुशाबान ह्यां केल्यान नाय, तर ते उजळ माथ्यान जातीत. माका दुसरां कायएक नको."

शरद कडवटपणे हसला नाही की ओरडला नाही. तो शांतपणे म्हणाला, "रखमाबाई, तुमचं मीठ मी खाल्लंय, ते विसरलो नाही. पण त्यांनी नाही, तर मग कोणी? ठाऊक असलेले आम्ही तिघं, आणि ते." आणि तो आत वळून म्हणाला, "होय ना, आई?"

बाईंच्या हातात चिमटा होता. माझ्या झाकणावरचे निखारे त्या एकेक करून काढत होत्या. एक वाक्य पुरलं असतं. वाटी मी दिली, एवढंच. डिलाईल रोडच्या एका दारावरचं डांबर त्या वाक्याने निघालं असतं. मी तापलेला होतो, तरी मला थंडी भरली. त्यांचे ओठ हलले. मग त्यांनी झाकण काढून बाजूला ठेवलं आणि म्हणाल्या, "रखमा, भात गरम आहे. दोन घास खाऊन जा."

रखमा त्यांच्याकडे पाहत राहिली. बाईचं मन बाईला कळतं म्हणतात. तिला त्या घटकेला सगळं कळलं, असं मला आजही वाटतं.

"माका भात नको, बाई," ती म्हणाली. "माका शब्द होयो होतो."

ती जिना उतरून गेली. शरद जेवला, भात छान झालाय म्हणाला. सरोजिनीबाईंनी शीतही तोंडात घातलं नाही. त्या दिवशी शेजारी वाटी गेली नाही. मला त्यांनी राखेने आणि चिंचेने घासघास घासलं, पुसलं आणि माळ्यावर चढवलं. दोन वर्षांनी गावाकडून कोणीतरी सांगत आलं की कुशाबा गेला. मरेपर्यंत तो देवळाच्या पारावर चार माणसांत बसला नाही. त्यानंतर सुभद्राबाई गेल्या, श्यामकांत गेले, शेवटी सरोजिनीबाईही गेल्या. त्यांनी ते कोणाला सांगितलं नाही.

मित्रांनो, माझ्यासारख्या भांड्याने शेवटी विनवणी करायची असते. मला कल्हई करा, जुनं म्हणून भंगारात घालू नका, असं काहीतरी. मला त्यातलं काही नको. शरदचंद्र आता फार म्हातारे झाले आहेत. माझ्या माळ्याखालच्याच खुर्चीत बसतात. दर एक मेला नातवंडं भोवती जमतात, वाकडी बोटं हातात धरून बघतात, आणि ते त्यांना एका दगाबाज कुशाबाची गोष्ट सांगतात. मुलांना ती आता पाठ झाली आहे. तुमच्यापैकी कोणाचं त्या घरी जाणं-येणं असेल, तर त्यांच्या कानाशी जाऊन एवढं सांगा, की कुशाबाने काही केलं नव्हतं. पहिली वाटी आईने दिली.